चनमल्लप्पाचा गबिन्स

चनमल्लप्पा जॉबरला इंग्रजी किती येत होतं? एक शब्द. तोही असला, की सोलापुरात सात रस्त्यावर एखाद्या इंग्रजीच्या मास्तरांना गाठून विचारलंत तर ते आधी चष्मा पुसतील आणि मग हळूच पावसापाण्याचं काढतील. गबिन्स. एवढ्या एका शब्दावर ह्या गड्यानं गिरणीत चौतीस वर्षं काढली, आणि त्याच शब्दापायी त्र्याहत्तर साली त्याची नोकरी जायची वेळ आली.

शब्द त्याला दिला हॉलम साहेबानं. इंग्रजांच्या वेळी गिरणीच्या विणाई खात्यावर हा साहेब होता. लाल तोंडाचा, ढेरपोट्या, मँचेस्टरकडचा. त्याची आई तिकडे मागावर काम करायची म्हणे, त्यामुळे साहेब असूनही मागाखाली उताणा शिरायला त्याला लाज नव्हती. चनमल्लप्पा कुंभारीहून आला तेव्हा अठरा वर्षांचा होता. घरात कानडी, बाजारात मराठी, आणि साहेबापुढे नुसता घाम. साहेबानं मागाचं झाकण काढलं, आतली चाकं, पट्ट्या, खिळे बोटानं दाखवले आणि म्हणाला, "गबिन्स!" चनमल्लप्पानं मान डोलावली. मागाच्या पोटातल्या ऐवजाला गबिन्स म्हणतात, एवढं कळलं.

दुसऱ्या दिवशी साहेबानं उरल्यासुरल्या स्क्रूंचा डबा मागितला, तोही गबिन्स. दुपारी साहेबानं डबा खाऊन माशाचे काटे कागदात गुंडाळले, ते पण गबिन्सच! चनमल्लप्पा चक्रावला. तिसऱ्या दिवशी त्यानं पान्हा उलटा फिरवला, तर साहेबानं डोक्यात टप्पल मारली आणि म्हणाला, "यू गबिन्स!" तेव्हा त्याच्या डोक्यात लख्ख उजेड पडला. ह्या साहेबाच्या मुलखात जे मोडकंतोडकं, उरलंसुरलं आणि डोक्यानं अर्धवट, त्या सगळ्याला एकच नाव असतं. पुढं काम हातात बसलं, एकदा त्यानं बंद पडलेला माग साहेबाच्या आधी चालू केला, तेव्हा साहेबानं पाठीवर थाप मारून तोच शब्द उच्चारला. त्या दिवशी चनमल्लप्पा घरी चालत गेला नाही, उडतच गेला.

साहेब सत्तेचाळीस साली गेला, शब्द सोलापुरात राहिला. आणि काय राहिला! चनमल्लप्पा हळूहळू जॉबर झाला, म्हणजे चाळीस मागांची दुरुस्ती बघणारा मिस्त्री, आणि त्याच्या ओळीत हा शब्द मिठासारखा सगळ्यात पडायला लागला. भाकरी संपून फडक्यात शेंगाचटणीचा चुरा उरला, तो गबिन्स. सिव्हिलमध्ये पोटाचा फोटो काढला, तर घरी येऊन बायकोला म्हणाला, "निंगव्वा, डाक्टरनं माजा सगळा गबिन्स बगितला." थोरल्या मुलीच्या, दाक्षायणीच्या लग्नात नवऱ्याकडचं बारकंसारकं सामान मोजायला बसला, तेव्हा कागदावर त्यानं वरच तसं लिहून ठेवलं होतं. नातवाला मांडीवर घेऊन लाडानं म्हणायचा, "कुटं गेलता रं माजा गबिन्स?" निंगव्वा कपाळाला हात लावायची. तिला वाटायचं, आपल्या नवऱ्याला त्या म्लेंच्छानं काहीतरी करून ठेवलंय.

पण एक गोष्ट सांगितल्याशिवाय पुढचं कळायचं नाही. विणाई खात्यात चारशे माग. सगळे चालू झाले की जमीन थरथरते, दात वाजतात. तिथं शेजाऱ्याच्या कानात तोंड घालून बोंब मारली तरी ऐकू जात नाही. म्हणून तिथली माणसं आवाजानं बोलतच नाहीत. ओठांनी बोलतात. शब्द तोंडात नीट घडवायचा, ओठ मोठे करून दाखवायचा, समोरच्यानं डोळ्यांनी वाचायचा. वीस माग पल्याडच्या माणसाला 'तुझ्या पोराचा ताप उतरला का' हे विचारता येतं आणि त्याचं उत्तरही मिळतं. नवखा माणूस आत आला तर त्याला वाटतं, ही सगळी माशांसारखी नुसती तोंडं काय हलवतायत! गबिन्स हा शब्द तर या कामाला घडवूनच आणल्यासारखा. ब म्हणताना ओठ मिटतात, मग फाकतात, शेवटी दात दिसतात. खात्याच्या ह्या टोकाला म्हटला तर त्या टोकाला दिसायचा.

आणि हे कसब अंगात भिनलं की ते गिरणीबाहेरही सुटत नाही. चौतीस वर्षांत चनमल्लप्पाचे कान निम्मे गेले होते, पण डोळे असे झाले होते, की बसस्टँडच्या पलीकडे नवराबायको काय भांडतायत ते हा चहा पिता पिता सांगायचा. निंगव्वा घरात त्याच्याशी बोलताना आवाज काढतच नसे. शेजारणींना वाटे, किती गुणाची बाई!

तर त्या वर्षी विणाई खात्याला नवे छोटे साहेब आले, गंगाधर कारखानीस. सत्तावीस वर्षांचे, मुंबईला शिकलेले, शर्टाला कडक इस्त्री. माणूस वाईट नव्हता, उगाच का खोटं बोला! पण भित्रा होता. जुनी माणसं आपल्याला मोजत नाहीत ही धास्ती त्यांच्या मनात सकाळच्या भोंग्यापासून असायची, आणि भित्रा माणूस अधिकारावर बसला की तो आवाज चढवतो.

सतरा नंबरचा माग दोन दिवस धोटा फेकत होता. धोटा म्हणजे आडवा धागा पोटात घेऊन या कडेपासून त्या कडेपर्यंत पळणारा लाकडाचा तुकडा, दोन्ही टोकांना लोखंड. उडाला की कुणाचा डोळा नेतो. नागप्पा विणकरानं माग चालवून दाखवला, चनमल्लप्पा पान्हा घ्यायला वळला, तेवढ्यात कारखानीस साहेब आले. हातात पेन. बिघाड कुठंय ते मला समजलंय असं दाखवायला ते वाकले, आणि चालत्या मागात पेन धरलेला हात पुढं न्यायला लागले. चनमल्लप्पानं वळून बघितलं. असाच एक हात त्यानं बावन्न साली बघितला होता. त्या हाताला पुढं तीनच बोटं उरली.

त्यानं काही विचार केला नाही. साहेबाची कॉलर मागून धरली आणि खेचलं. साहेब धपकन खाली, कापसाच्या फुफाट्यात बसले. चनमल्लप्पानं माग बंद केला. धोटा आपला शहाण्यासारखा पेटीत बसला होता, उडाला नव्हता, काही नाही. म्हणजे काय संकट टळलं ते दाखवायला पुरावा शून्य. भीतीनं त्याच्या तोंडचं पाणी पळालं होतं, आणि मग माणसाला जसा संताप येतो तसा त्याला आला. ओळीकडे तोंड करून तो ओठांनी म्हणाला, "गबिन्स!"

समोर तिघं होते. नागप्पा, बिरप्पा आणि गुरप्पा. तिघंही फिसकन हसले. साहेबांनी खाली बसल्या बसल्या जॉबरचं हललेलं तोंड बघितलं आणि तिघांचं हसू बघितलं. उठले, पाठ झटकली आणि निघून गेले.

तिसऱ्या दिवशी आरोपपत्र आलं. युनियनच्या एकनाथनं ते वाचून दाखवलं. "वरिष्ठ अधिकाऱ्यांच्या अंगाला हात लावून त्यांना खाली पाडले, व 'गबिन्स' असा मूर्ख या अर्थाचा इंग्रजी अपशब्द मोठ्याने ओरडून कामगारांसमक्ष त्यांचा अपमान केला. कामावरून कमी का करू नये याचा खुलासा करावा."

कामावरून कमी म्हणजे नुसता पगार नव्हे, चाळीतली खोलीही गिरणीचीच. शेजारच्या खोलीत दाक्षायणी, तिचा नवरा आणि पोरगं. नवरा म्हणजे तोच गुरप्पा. चनमल्लप्पाच्या सख्ख्या बहिणीचा मुलगा, आमच्याकडच्या रीतीप्रमाणं मामाचीच मुलगी केलेला. पहिल्यापासून मामा म्हणायचा, लग्न झालं तरी मामाच. तीन वर्षं बदली कामगार होता, म्हणजे कुणी कायमचा माणूस गैरहजर राहिला तरच काम. आदल्या वर्षीच्या दुष्काळानं खेडीच्या खेडी गिरणीच्या दाराशी येऊन उभी होती, त्यात बदलीला आठवड्यात दोन पाळ्या मिळाल्या तरी नशीब. दोन्ही चुली खऱ्या चालत होत्या त्या चनमल्लप्पाच्या जॉबरकीवर.

"आता मला सांगा काका, ह्या शब्दाचा अर्थ काय?" एकनाथनं वही उघडली.

"कुटला सांगू?"

"म्हंजे?"

चनमल्लप्पानं सांगायला सुरुवात केली. मागाचं पोट. स्क्रूंचा डबा. माशाचे काटे. चटणीचा चुरा. पोटाचा फोटो. नातू. एकनाथनं पाच-सहा लिहून घेतले, मग पेन खाली ठेवलं. "काका, ह्यातला मी कुटला सांगू तितं? वकील म्हणंल, दहा अर्थांतला साहेबाला कुटला लागू केला ते कोण ठरवनार? नातू म्हणाला म्हणू काय साहेबाला?"

"न्हाय रं. येडाच म्हणालो मी."

"हे बोलू नगा! मेल्यावर बी बोलू नगा!" एकनाथ किंचाळला आणि वही काखेत मारून निघून गेला.

चौकशीच्या आदल्या संध्याकाळी तो धावत आला. सगळे जेवायला बसले होते. चनमल्लप्पा, गुरप्पा, मधे नातू, आणि निंगव्वा नि दाक्षायणी चुलीशी. एकनाथ दारातूनच ओरडला, "काका, सापडलं! 'मोठ्याने ओरडून!' आरं, चारशे मागांत ओरडलेलं साहेबाला आइकू कसं गेलं? गेलंच न्हाय! आन् ओठ तर त्येला वाचता येत न्हायत. आरोपच खोटा. शब्दाचं गेलं, की अपमान गेला. मग कॉलर धरली ती जीव वाचवायला, त्येला कोण काय म्हणनार?"

निंगव्वाच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. चनमल्लप्पा हसायलाच लागला. हे त्याच्या कसं ध्यानात आलं नव्हतं!

"आन् थांबा की," एकनाथनं मांडी ठोकली. "शब्द त्येला आइकू गेला न्हाय, तर आला कुटनं? कुणीतरी ओळीतल्यानं जाऊन सांगितला. मी उद्या साहेबालाच इचारतो, भर चौकशीत. कुणी सांगितलं? नाव घेतलं, तर खबऱ्या सापडला. न्हाय घेतलं, तर आरोप पडला. दोन्हीकडनं आपलंच!"

गुरप्पा पाणी प्यायला म्हणून उठला. ताटात अर्धी भाकरी तशीच होती. त्याचं बाहेरचं पाणी पिणं बराच वेळ चाललं, पण आनंदाच्या भरात तिकडं कुणाचं लक्ष गेलं नाही.

"खबऱ्याचं काय करतेत ठावं हाय न्हवं?" एकनाथ म्हणाला. "कोंडीबा."

ठाऊक नसायला काय झालं! संपाच्या वेळी कोंडीबानं मालकाकडे नावं पोचवली होती. त्याला कुणी बोट लावलं नाही. फक्त खात्यातल्या चारशे लोकांनी त्याच्याशी ओठ हलवणं बंद केलं. तुटला धागा तर कुणी हात देईना, धोटा उडायला आला तर कुणी इशारा करीना. नळावर त्याच्या बायकोची घागर लोक उचलून बाजूला ठेवायचे. सहा महिन्यांत तो टेंभुर्णीला ट्रकांवर हमाली करायला निघून गेला. परत सोलापुरात त्याचं तोंड कुणी बघितलं नाही.

चौकशी टाइम ऑफिसात, सकाळी साडेदहाला. टाइम ऑफिस म्हणजे अंगणाकडे मोठी काच असलेली खोली. चनमल्लप्पा धुतलेलं धोतर नेसून बाहेरच्या बाकावर बसला. अंगण रिकामं होतं, सगळे मागांवर. काचेतून आतलं दिसत होतं. गिरणीचे मॅनेजर पाठमोरे, आणि त्यांच्या समोर, थेट काचेकडे तोंड करून कारखानीस साहेब बोलत होते. आवाज बाहेर येत नव्हता. त्याला आवाजाची गरजही नव्हती.

बघायचं म्हणून त्यानं बघितलंच नव्हतं. डोळ्यांना सवय, दुसरं काय!

"त्याच्या जावयानंच सांगितलं," साहेबांचे ओठ म्हणाले. "गुरप्पानं. मी विचारलं, काय म्हणाला रे तो? कायम करायचं बघतो म्हटलं. पण नाव बाहेर काढणार नाही असा शब्द दिलाय मी."

चनमल्लप्पाला वाटलं आपण चुकीचं वाचलं. तेवढ्यात मॅनेजरनी काहीतरी विचारलं असावं, कारण साहेबांनी नाव पुन्हा घेतलं. गु म्हणताना ओठांचा चंबू झाला, प्पा म्हणताना मिटून उघडले. हे नाव तो गेली तीस वर्षं वाचत होता.

आधी त्याच्या डोक्यात सणक गेली. हरामखोरा! ओठ वाचायला तुला मी शिकवलं, रे. आरशापुढं उभं करून, एकेक अक्षर. ते वाचलेलं तू नेऊन विकलंस? बाक सोडून उठावं, खात्यात जावं आणि त्याला सगळ्यांसमोर कानफटावं असं त्याच्या मनात आलं. मग त्याला अर्धी भाकरी आठवली. काल ते पोरगं ताटावरून का उठलं ते आता समजलं. त्याला कुठं माहीत होतं की यातून आरोपपत्र निघेल? साहेबानं कायमचं काम दाखवलं, ह्यानं तोंड उघडलं. येडा. मोडका, अर्धवट येडा! आणि ह्या येड्याच्या पदरात दाक्षायणी, आणि तिच्या पोटात दुसरं.

एकनाथ कागद घेऊन आला, तसा चनमल्लप्पानं त्याचा हात धरला. "एकनाथ, ते इचारू नगंस."

"काय?"

"कुणी सांगितलं ते. इचारू नगंस."

"काका, डोस्कं फिरलं काय तुमचं? त्येच तर हुकमाचं पान हाय आपलं!" एकनाथनं हात सोडवून घेतला. कारण सांगितल्याशिवाय तो ऐकणार नव्हता, आणि कारण सांगितलं तर एकनाथच पहिला गुरप्पाच्या नरड्याला हात घालणार होता. तोवर शिपायानं नावाचा पुकारा केला.

आत पंखा फिरत होता, तरी चनमल्लप्पाच्या पाठीवरून घाम निथळत होता. मॅनेजर निघून गेले होते, चौकशीला कंपनीनं बाहेरून आणलेल्या वकीलसाहेबांनी आरोप वाचला. एकनाथ उभा राहिला. पोरगं तयारीनं आलं होतं, काही म्हणा!

"साहेब, शब्द तुमी सोता आइकला?"

"हो," कारखानीस म्हणाले.

"माग चालू व्हते?"

"होते."

"सतरा नंबर बंद झाला व्हता. बाकीचे तीनशे नव्व्याण्णव?"

एकनाथ वकिलांकडे वळला. "वकीलसाहेब, आत्ता चला खात्यात. मी तुमच्या कानात ओरडतो. माजं नाव जरी आइकू आलं तरी आमी केस सोडली."

वकीलसाहेबांनी चष्मा वर केला आणि कारखानिसांकडे बघितलं. कारखानिसांची मान लाल झाली होती. तेवढ्यात जेवणाच्या सुट्टीचा भोंगा झाला. पाचच मिनिटांत अंगणात माणसं आली, आणि ती डबे उघडायला झाडाखाली गेलीच नाहीत. काचेला येऊन भिडली. नागप्पा, बिरप्पा, सगळी ओळ. तीस-चाळीस तोंडं. मागं, भिंतीला टेकून, गुरप्पा. त्याचा चेहरा राखेसारखा झाला होता.

"मग हा शब्द तुमाला कळला कुटनं?" एकनाथचा आवाज चढला. "कुणी सांगितला? नाव सांगा!"

"उत्तर द्या," वकीलसाहेब म्हणाले. "तुम्ही स्वतः ऐकलं नसेल, तर ज्यानं सांगितलं त्याचं नाव पाहिजे. नाहीतर हा आरोप टिकत नाही."

चनमल्लप्पा साहेबांच्या तोंडाकडे बघत होता. शब्द दिलाय, म्हणाला होता. पाळेल का? गप्प बसला, तर आपण सुटलो. बस, बाबा, गप्प बस. सिद्धरामेश्वरा, ह्याला एवढी अक्कल दे! त्याचा हात आपोआप सदऱ्याच्या आत गळ्यातल्या इष्टलिंगावर गेला.

कारखानिसांनी रुमालानं ओठ पुसले. भित्र्या माणसाला वाटा दोनच, पळायचं नाहीतर लपून करायचं. ते जरा पुढं सरकले. "मी त्या माणसाला शब्द दिलाय," ते म्हणाले. "उघड सांगणार नाही. पण तुम्हाला एकट्याला, कानात सांगतो. नोंद करू नका."

"चालेल," वकीलसाहेब म्हणाले आणि त्यांनी कान पुढं केला.

कानात! अरे, कुणाच्या गावात कानात सांगतोस? काचेपलीकडे चाळीस जोडी डोळे उभे आहेत. तू पुटपुटलास काय आणि ताशा वाजवलास काय, त्यांना सारखंच. साहेब मुंबईला सगळं शिकले होते, पण चार महिने ह्या खात्यात फिरून त्यांना एवढं कळलं नव्हतं. त्यांनी खुर्ची वकिलाकडे ओढली. तोंड काचेकडेच होतं. काचेबाहेरची सगळी कुजबुज थांबली. ओठांचा चंबू व्हायला लागला.

चनमल्लप्पा उठला तो खुर्ची पाडूनच. दोन ढांगांत साहेबांच्या पुढ्यात, काचेकडे पाठ करून, दोन्ही हातांनी धोतराचा सोगा पसरून उभा राहिला.

"मी वरडलो!"

"काका!" एकनाथ.

"मी वरडलो, वकीलसाहेब. साहेबाच्या कानाशी तोंड नेऊन वरडलो. त्येन्ला आइकू गेलं. दुसऱ्या कुनी काय सांगायची गरजच न्हाय."

वकीलसाहेब बघतच राहिले. "विचार करून बोला. शब्द उच्चारला हे तुम्ही कबूल करता?"

"व्हय."

"कोणत्या अर्थानं?"

"येडा म्हणालो," चनमल्लप्पा म्हणाला. आता सांगायचंच तर खरं सांगावं. "चालत्या मागात हात घालनाऱ्याला दुसरं काय म्हणायचं, तुमीच सांगा."

एकनाथनं कागद टेबलावर आपटले. कारखानीस साहेब मान वर करून ह्या धोतरवाल्या माणसाकडे बघत होते. कुणी ओरडलं नव्हतं हे खोलीत दोघांनाच पक्कं माहीत होतं, आणि त्यातला एक आपल्या अंगावर घेत होता. साहेबांचं तोंड उघडलं. चनमल्लप्पानं फक्त मान हलवली, न्हाय. साहेबांनी तोंड मिटलं. चौकशीच्या कागदावर सही करताना त्यांचं पेन दोनदा घसरलं.

खात्यात सगळ्यांनी चनमल्लप्पालाच शिव्या घातल्या. हातातली केस घालवली म्हाताऱ्यानं! एकनाथ आठ दिवस बोलला नाही. घरी निंगव्वानं विचारलं, एकदा आवाजानं आणि एकदा ओठांनी, "का वो?" त्यानं तोंड भिंतीकडे केलं. तिच्यापुढं तोंड दिसू देणं धोक्याचं होतं, तिलाही वाचता येत होतं.

शनिवारी पत्र आलं. कामावरून कमी. खोली महिनाअखेर सोडायची. कारखानिसांनी शिक्षा सौम्य करा म्हणून वर अर्ज दिला होता म्हणतात, त्याचं काही झालं नाही. गुरप्पाचा कायमचा हुकूम मात्र त्याच आठवड्यात निघाला. सतरा नंबरच्याच मागावर.

सोमवारी चनमल्लप्पा आपली हत्यारं घ्यायला खात्यात गेला. माग चालू होते. चाळीस मागांच्या ओळीतून तो चालत गेला, तशा दोन्ही बाजूंनी माना वळल्या, ओठ हलले. येत जावा, काका. कुंभारीला येतो आमी. त्यानं स्क्रूंचा जुना डबा उचलला, हॉलम साहेबाच्या वेळचा, आणि सतरा नंबरपाशी थांबला.

गुरप्पा मागावर वाकून उभा होता. वर बघेना. चनमल्लप्पानं खांद्यावर हात ठेवला, तसं पोरानं तोंड वर केलं. डोळे सुजलेले, आणि सगळ्या ओळीच्या देखत त्याचे ओठ हलायला लागले. "मामा, मीच—"

चनमल्लप्पानं तळहात फाडकन त्याच्या तोंडावर दाबला. तेलानं काळा झालेला, चौतीस वर्षांचा रुंद तळहात. त्याखाली गुरप्पाचे ओठ हलत राहिले. चार शब्द असतील, पाच असतील. कुणाला दिसले नाहीत, कुणाला ऐकू गेले नाहीत. चनमल्लप्पानं ते तळहातानं वाचले, एकेक. हात ओला झाला.

समोरून नागप्पानं मान उडवून विचारलं, काय झालं? काय म्हणतोय पोरगा?

चनमल्लप्पा ओळीकडे वळला. जावयाच्या तोंडावरचा हात त्यानं काढला नाही. हसला, आणि त्या टोकाच्या माणसालाही दिसेल असं तोंड मोठं करून म्हणाला, "गबिन्स!"

सगळी ओळ हसली. मग त्यानं गुरप्पाचं तोंड हळूच भिंतीकडे वळवलं, हात धोतराला पुसला, आणि डबा काखेत मारून तो बाहेर पडला.